‘जीव’ आणि ‘आत्मा’ : मराठी ख्रिस्ती वाङ्मयातील पशुवेदनेचा प्रश्न

मालवण तालुक्यातील धामापूरचा तलाव १५३० साली विजयनगरच्या मांडलिक नागेश देसायाने बांधला, अशी परंपरा आहे. त्या तलावाच्या पाण्यावर पोसलेल्या भातशेतीच्या परिसरात जी मालवणी बोलली जाते तिच्यात बैल मेला तरी ‘जीव गेलो’ असेच म्हणतात आणि माणूस मेला तरी ‘जीव गेलो’ असेच म्हणतात. ह्या बाबतीत हिंदू घर आणि ख्रिस्ती घर ह्यांच्या बोलण्यात काही अंतर नाही. गोव्यातून उत्तरेस सरकलेली ख्रिस्ती कुटुंबे सावंतवाडी, वेंगुर्ले, मालवण ह्या पट्ट्यात पिढ्यान्‌पिढ्या नांदत आली. २००५ साली सिंधुदुर्ग हा स्वतंत्र धर्मप्रांतही झाला. ह्या कुटुंबांची उपासना निराळी, परंतु गोठ्यातील भाषा तीच. आणि गोठ्यातील भाषेत ‘जीव’ हा शब्द माणूस व जनावर ह्यांच्यात सीमारेषा आखीत नाही, उलट ती पुसून टाकतो.

वरवर पाहता ही केवळ बोलीतील एक नोंद वाटेल. परंतु ख्रिस्ती धर्मविचारातील एका जुन्या आणि अद्यापि न मिटलेल्या वादाचा मराठीत जो विचित्र प्रवास झाला त्याचे मूळ ह्याच शब्दात आहे. पशूंच्या वेदनेला ईश्वरी योजनेत काही स्थान आहे काय, हा तो वाद. पाश्चात्त्य भाषांत तो तत्त्वज्ञांनी आणि धर्मपंडितांनी प्रबंधांतून लढविला. मराठीत तो प्रबंधांतून फारसा लढविला गेला नाही. तो शब्दांच्या निवडीत दडून राहिला आणि एका कवितेत अचानक उघड झाला. मराठी ख्रिस्ती वाङ्मयाच्या अभ्यासकांनी ह्या दडलेल्या वादाकडे जवळजवळ दुर्लक्ष केले आहे. ‘क्रिस्तपुराणा’तील अलंकार, फारसी शब्द, ओवीची घडण ह्यांवर पुष्कळ लिहिले गेले, परंतु त्या ग्रंथाच्या परिभाषेने कोणाला आत घेतले व कोणाला बाहेर ठेवले, हा प्रश्न क्वचितच विचारला गेला.

प्रथम मूळ सिद्धान्त पाहणे अवश्य आहे. तेराव्या शतकात थॉमस अक्वायनसने ॲरिस्टॉटलच्या आधारे चैतन्यतत्त्वाचे तीन प्रकार मानले: वनस्पतींचे केवळ वाढणारे, पशूंचे संवेदनाक्षम आणि मनुष्याचे विवेकशील. लॅटिनमध्ये ह्या तिन्हींना एकच नाम आहे, ‘आनिमा’. भेद विशेषणाने होतो. पशूला संवेदना आहे, म्हणून वेदनाही आहे, हे अक्वायनस नाकारीत नाही. पशू म्हणजे केवळ यंत्र, ही कल्पना पुढे सतराव्या शतकात देकार्तच्या नावाने रूढ झाली, ती अक्वायनसची नव्हे. हा फरक अनेक लेखक विसरतात. परंतु पशूचे संवेदनतत्त्व देहाबरोबरच नष्ट होते, त्याला मरणोत्तर गती नाही, म्हणून त्याच्या वेदनेची भरपाई होण्याचा प्रश्नच उद्भवत नाही, असे तो मानतो. पशूंशी क्रूरपणे वागू नये, हे त्याला मान्य आहे. त्याचे कारण मात्र असे की, पशूंशी क्रूर वागणारा पुढे माणसांशीही क्रूर वागू लागतो. म्हणजे दया पशूवर करावयाची, परंतु ती मनुष्यासाठी. ऑगस्टीन ह्याही पुढे गेला होता. भुते डुकरांच्या कळपात शिरली आणि तो कळप समुद्रात बुडाला, ह्या शुभवर्तमानातील प्रसंगावरून त्याने असा निष्कर्ष काढला की, मनुष्य आणि पशू ह्यांच्यात हक्कांचे कसलेही समाजबंधन नाही. हे त्याने मानीपंथीयांच्या विरुद्ध लिहिले होते. ते पशुवधाला पाप मानीत. वादाच्या भरात काढलेले निष्कर्ष पुढे सिद्धान्त होऊन बसतात, त्याचे हे एक ठळक उदाहरण होय.

आता हा सिद्धान्त मराठीत सांगावयाचा झाला तर काय घडते? ‘आनिमा’च्या तीन प्रकारांसाठी एक शब्द हवा. ‘जीव’ हा शब्द सहज पुढे येतो, कारण प्राण, चैतन्य, सजीव प्राणी आणि अंतरात्मा हे सारे अर्थ त्यात आहेत. परंतु ‘जीव’ म्हटले की पशूच्या जिवाला आणि माणसाच्या जिवाला निराळी गती आहे हे सांगणे दुर्घट होते. ‘जनावराला जीव नाही’ हे वाक्य मराठीत खोटे ठरत नाही, ते निरर्थक ठरते. जीव नसलेले जनावर म्हणजे मेलेले जनावर. शिवाय ह्या भूमीत ‘जीव’ हा शब्द पुनर्जन्माच्या कल्पनेशी निगडित होता. एकच जीव कधी पशूच्या तर कधी मनुष्याच्या योनीत जातो, ही समजूत मिशनऱ्यांना खोडून काढावयाची होती. तेव्हा मनुष्यासाठी ‘आत्मा’ हा शब्द राखून ठेवणे हाच सोपा मार्ग होता, आणि तोच रूढ झाला. गोव्याच्या कोंकणी धर्मोपदेशाच्या भाषेत ‘आत्मो’ म्हणजे मनुष्याचा अमर आत्मा हा अर्थ आजही पक्का आहे. ‘जीव’ मात्र गोठ्यात, शेतात, स्वयंपाकघरात राहिला.

ही वाटणी दिसते तितकी निर्दोष नाही. वेदान्ताच्या परिभाषेत आत्मा तर जीवाहूनही व्यापक. तो मुंगीतही आहे आणि ब्रह्मदेवातही आहे. म्हणजे पशूला वगळण्यासाठी जो शब्द निवडला तो मूळच्या अर्थाने पशूला सर्वांत अधिक सामावून घेणारा होता. शब्द उसना घेताना त्याचा इतिहास मागे ठेवता येत नाही. मराठी ख्रिस्ती परिभाषेच्या घडणीत हा अनुभव पुनःपुन्हा येतो.

‘क्रिस्तपुराण’ हे त्याचे सर्वांत समृद्ध उदाहरण. फादर थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट १५७९ साली गोव्यास आला आणि १६१९ साली तेथेच वारला. त्याचा ग्रंथ १६१६ साली प्रथम छापला गेला. पहिले पुराण जुन्या कराराचे, छत्तीस अवस्वरांचे. दुसरे नव्या कराराचे, एकोणसाठ अवस्वरांचे. एकूण ओव्या सुमारे अकरा हजार. स्वर्गासाठी स्टीफन्सने ‘वैकुंठ’ हा शब्द योजला. ह्या धाडसाचे कौतुक अनेकांनी केले आहे आणि ते योग्यच आहे. परंतु मराठी श्रोत्याच्या मनात वैकुंठ रिकामे नव्हते. गजेंद्रमोक्षाच्या कथेत मगरीने पाय धरलेला हत्ती सोंडेत कमळ घेऊन धावा करतो आणि विष्णू त्याच्यासाठी धावून येतो. वेदनेने विव्हळणाऱ्या पशूची हाक वैकुंठापर्यंत पोचते, हे श्रोत्याला ठाऊक होते. एकनाथ १५९९ साली वारले, म्हणजे ते आणि स्टीफन्स वीस वर्षे समकालीन होते. रामेश्वराला वाहण्यासाठी आणलेले गंगेचे पाणी एकनाथांनी तहानेने तडफडणाऱ्या गाढवाला पाजले, ही आख्यायिका महाराष्ट्रात सर्वतोमुखी आहे. त्या कथेचा भर एकनाथांच्या सद्‌गुणांवर नाही. गाढवाला पाजलेले पाणी रामेश्वराला पोचले, ह्यावर आहे.

स्टीफन्सच्या धर्मशास्त्रातील वैकुंठात गजेंद्राला जागा नव्हती. सृष्टीची उत्पत्ती, जलप्रलय, नोहाचे तारू हे प्रसंग पहिल्या पुराणात येतात, तेव्हा पशू कथेत येतात हे खरे. पण कथेत येणे निराळे आणि मोक्षात येणे निराळे. शब्द वैष्णवांचा आणि लोकसंख्या रोमची, असा हा प्रकार झाला. ह्यात स्टीफन्सचा दोष काढण्याचे कारण नाही. त्याच्या काळच्या कोणत्याही जेझुइटाने निराळे लिहिले नसते. मात्र समीक्षकाने हे अंतर नोंदविले पाहिजे. ‘सांस्कृतिक समन्वय’ अशा गोंडस नावाखाली ते झाकू नये.

सतराव्या शतकाच्या मध्यास आंतोनियु द साल्दान्य ह्याने मराठीत संत आंतोनीचे चरित्र लिहिले. आंतोनीच्या चरित्रपरंपरेत माशांना केलेला उपदेश प्रसिद्ध आहे. माणसे ऐकेनात तेव्हा मासे पाण्याबाहेर डोकी काढून ऐकू लागले. रापणीच्या किनाऱ्यावर ही कथा कशी ऐकली जात असेल, ह्याची कल्पना करण्यास हरकत नाही. मासे येथे पाखंड्यांना लाजविण्यासाठी आलेले साक्षीदार आहेत. साक्ष संपली की त्यांचे काय होते, हे कथा विचारीत नाही.

ह्याउलट बायबलातच एक पशू असा आहे की जो स्वतःच्या वेदनेबद्दल बोलतो. गणनेच्या पुस्तकाच्या बाविसाव्या अध्यायात बलामाची गाढवी वाटेत उभा असलेला देवदूत पाहून थबकते. बलामाला तो दिसत नाही, म्हणून तो तिला तीनदा मारतो. तेव्हा परमेश्वर तिचे तोंड उघडतो आणि ती धन्याला जाब विचारते: तीनदा मारण्यासारखे तिने असे काय केले? मराठी वाचकाला येथे पैठणच्या रेड्याची आठवण होणे अपरिहार्य आहे. दोन्ही कथांत मार खाणारे जनावर बोलते. परंतु रेडा वेद बोलतो, म्हणजे माणसांना पूज्य असलेली माणसांची वाणी. गाढवी स्वतःचे गाऱ्हाणे बोलते. वाणीच्या दृष्टीने पाहिले तर बायबलाची कथा अधिक धीट आहे. दुसऱ्या एका गोष्टीत मात्र पैठणची कथा पुढे जाते. रेड्याच्या पाठीवर आसूड ओढला तेव्हा वळ ज्ञानेश्वरांच्या पाठीवर उठले, असे परंपरा सांगते. पशूची वेदना कोणाच्या अंगावर उमटते, हा प्रश्न त्या वळांनी विचारला आहे. आणि क्रूसावरील वेदनेला केंद्रस्थानी ठेवणाऱ्या धर्माने तो कोणत्याही धर्मापेक्षा आधी विचारावयास हवा होता. बहुतेक शतके त्याने तो विचारला नाही.

बहुतेक म्हणावयाचे, कारण अपवाद आहेत आणि ते लहान नाहीत. सातव्या शतकातील निनवेच्या इसाकाने दयाळू अंतःकरणाची व्याख्या करताना पशुपक्षीच काय, सरपटणारे प्राणीही त्या दयेत घेतले. १७७६ साली हम्फ्री प्रायमॅट ह्या इंग्रज धर्मोपदेशकाने पशूंवरील क्रौर्य हे पाप आहे, असे प्रतिपादणारा प्रबंध प्रसिद्ध केला. वेदना ही वेदनाच असते, मग ती कोणत्याही प्राण्याला होवो, हा त्याचा मुख्य मुद्दा. जॉन वेस्लीने १७८१ च्या एका प्रवचनात पशूंनाही अंतिम उद्धारात वाटा दिला. लंडनमध्ये १८२४ साली पशुक्रौर्य-प्रतिबंधक संस्था उभी राहिली तिच्या मुळाशी आर्थर ब्रूम हा धर्मोपदेशकच होता. विसाव्या शतकात सी. एस. लुईसने १९४० च्या आपल्या ग्रंथात पशुवेदनेला एक संबंध प्रकरण दिले. तेथे त्याने असे सुचविले की, पाळीव जनावराला धन्याच्या सहवासात एक प्रकारचे व्यक्तित्व लाभते आणि धन्याच्याद्वारे त्याला अमरत्वही लाभू शकेल. ही कल्पना प्रेमळ आहे, परंतु ती विचित्रही आहे. नाव ठेवलेला, हाकेला ओ देणारा बैल तिच्यात बसेल. रानातला, कोणाचा नसलेला पक्षी बसणार नाही. अँड्र्यू लिन्झीने १९८७ नंतरच्या लेखनात ह्या धनीकेंद्रित विचाराला छेद दिला आणि पशूंचे हक्क हे ईश्वराचे हक्क आहेत, अशी मांडणी केली. कॅथलिक धर्मशिक्षणाच्या १९९२ च्या अधिकृत ग्रंथात पशूंना विनाकारण वेदना देणे निषिद्ध मानले आहे, पण मनुष्याच्या प्रतिष्ठेला ते शोभत नाही म्हणून. अक्वायनस अजून तेथे बसलेला आहे. पोप फ्रान्सिस ह्यांच्या २०१५ च्या परिपत्रकाने मात्र स्पष्ट म्हटले की, इतर प्राण्यांचे अंतिम प्रयोजन मनुष्य नव्हे.

ह्या सर्व वादात उत्पत्तीच्या पहिल्या अध्यायातील एक हिब्रू क्रियापद कळीचे ठरले आहे. मनुष्याने पशुपक्ष्यांवर जे गाजवावयाचे ते मराठी बायबलात ‘सत्ता’ ह्या शब्दाने येते. मूळ क्रियापद राजाच्या कारभारासाठीही वापरले जाते, आणि बहात्तराव्या स्तोत्रातील आदर्श राजा दुबळ्यांचा कैवारी आहे. म्हणून ते निरंकुश हुकमतीचे द्योतक नव्हे, असे आजचे भाष्यकार सांगतात. मराठीत ‘सत्ता’ म्हटले की सरकार आठवते, कैवार आठवत नाही. गंमत अशी की, संस्कृतात ‘सत्ता’ म्हणजे असणे, अस्तित्व. अधिकार हा अर्थ मागाहून चिकटला. त्याच अध्यायात मनुष्याला आणि पशूंना दोघांनाही अन्न म्हणून वनस्पती नेमून दिल्या आहेत. मांसाची परवानगी जलप्रलयानंतरची, नवव्या अध्यायातील, आणि तीही रक्त वर्ज्य करून, कारण रक्त म्हणजे जीव. पंडिता रमाबाई १८८३ साली वाँटेज येथे ख्रिस्ती झाल्या, पण शाकाहार त्यांनी सोडला नाही. त्यांच्या सहकाऱ्यांना तो जुन्या जातिसंस्काराचा अवशेष वाटला. पुढे हिब्रू व ग्रीक मुळांवरून बायबलाचे मराठी भाषांतर करणाऱ्या ह्या विदुषीच्या आहाराला उत्पत्तीच्या पहिल्या अध्यायाचाच आधार देता आला असता, हे त्या टीकाकारांच्या ध्यानी आले नाही.

मळणी करणाऱ्या बैलाला मुसके घालू नये, अशी अनुवादाच्या पुस्तकात आज्ञा आहे. कोकणातल्या शेतकऱ्याला तिचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. पण संत पौलाने करिंथकरांना लिहिलेल्या पहिल्या पत्रात ही आज्ञा उद्धृत करून देवाला बैलांची काळजी आहे काय, असा प्रश्न केला आणि ती आज्ञा धर्मोपदेशकांच्या निर्वाहाला लावली. ह्या एका प्रश्नाने बैलाच्या तोंडाला जे मुसके घातले ते शतकानुशतके निघाले नाही, असे म्हटल्यास फारशी अतिशयोक्ती होणार नाही. आश्चर्य असे की, पशुवेदनेच्या संदर्भात आज सर्वांत अधिक आधार घेतला जातो तोही पौलाचाच. रोमकरांस पत्राच्या आठव्या अध्यायात त्याने संबंध सृष्टी कण्हत असल्याचे म्हटले आहे, आणि तिला मनुष्याच्या उद्धाराची वाट पाहावयास लावली आहे.

मराठी भाषांतराने येथे ‘कण्हणे’ हे क्रियापद निवडले ते उत्कृष्ट आहे. आजारी माणूस कण्हतो, तसे बसलेले जनावरही कण्हते. ‘आक्रोश’, ‘विलाप’ हे शब्द घेतले असते तर पशू पुन्हा बाहेर राहिले असते. पण लगेच पुढचा शब्द ‘वेदना’ हा पडला आहे, आणि तेथे अर्थाची हानी झाली. ग्रीक मूळ शब्द प्रसूतीच्या कळांचा आहे: ही वेदना निष्फळ नव्हे, तिच्यातून काही जन्मास यावयाचे आहे. मराठीत त्यासाठी नेमका शब्द होता, आणि तो ‘वेदना’ ह्याच संस्कृत शब्दापासून प्राकृतातून झिजत आलेला: ‘वेणा’. गाईलाही वेणा येतात आणि बाईलाही येतात. तत्सम शब्दाच्या प्रतिष्ठेपायी भाषांतरकारांनी तद्भव शब्द नाकारला, आणि पौलाची सृष्टी बाळंतिणीऐवजी रुग्णाईत झाली. धर्मशास्त्राच्या दृष्टीने हा फरक लहान नाही. रुग्णाईत सृष्टीला सहानुभूती मिळते. वेणा देणाऱ्या सृष्टीला भविष्य असते.

मराठीत ह्या प्रश्नाला सर्वांत थेट भिडलेली कृती धर्मग्रंथ नाही, भाष्य नाही. ती रेव्हरंड नारायण वामन टिळकांची ‘केवढे हे क्रौर्य!’ ही कविता होय. टिळक (१८६१–१९१९) रत्नागिरी जिल्ह्यातील करजगावचे. १८९५ साली मुंबईत त्यांनी बाप्तिस्मा घेतला. मराठी शाळांतून पिढ्यांनी ही कविता पाठ केली, आणि त्यामुळेच ती नीट वाचली गेली नाही. मुलांच्या मनात भूतदया उत्पन्न करणारी करुण कविता, ह्यापलीकडे टीकाकार सहसा गेले नाहीत. कवितेत ख्रिस्ताचे नाव नाही. तिला ख्रिस्ती ठरविण्यासाठी कवीच्या धर्मांतराकडे बोट दाखविणे ही टीका नव्हे. जे काही ठरवावयाचे ते शब्दांवरूनच ठरविले पाहिजे.

प्रसंग साधा आहे. पिलांसाठी घास घेऊन झाडावर क्षणभर बसलेल्या पक्षिणीच्या उरात बाण शिरतो. ती पडत-उठत घरट्याशी येते, पिलांशी बोलते, त्यांना शेवटचा घास देते आणि मरते. मराठी वाचकाला येथे दोन पूर्वसूरी आठवतात. एक क्रौंचवध: तेथे पक्षी मरतो आणि बोलतो तो ऋषी, त्याचे बोलणे शापाचे आहे. दुसरा रघुनाथ पंडिताच्या नलदमयंती-आख्यानातील हंस: तो स्वतः बोलतो, म्हातारी आई आणि लहान पिले ह्यांचा दाखला देतो, पाखरू मारण्यात वीराचे शौर्य ते काय, असा टोमणाही मारतो. टिळकांच्या पक्षिणीच्या तोंडी शौर्याचा जो उपरोध आहे त्याचे घराणे स्पष्टपणे हे आहे. परंतु हंसाचे गाऱ्हाणे राजापुढे आहे, आणि राजा त्याला सोडतो. म्हणजे तेथे वेदनेचे उत्तर सत्ताधीशाच्या दयेत आहे; उत्पत्तीच्या पहिल्या अध्यायाचा सौम्य अर्थ लावणाऱ्यांचा आदर्श राजाच तो. टिळकांच्या कवितेत राजा नाही. बाण लागून गेला आहे, पारधी कोठे आहे ह्याचा पत्ता नाही. विनवणी करावी असा कोणीच उरलेला नाही. उरली आहेत ती पिले आणि देव.

येथे कविता वळण घेते. पक्षीण शाप देत नाही. ती पिलांना देवाच्या हवाली करते, आणि तो देव तिच्या मुखी अनाथांचा पिता म्हणून येतो. मत्तयाच्या दहाव्या अध्यायातील चिमणीचे वचन ज्याला माहीत आहे त्याला हा पिता परका नाही: पित्यावाचून एकही चिमणी भूमीवर पडत नाही, असे तेथे येशू शिष्यांना सांगतो. मात्र तेथे चिमणी हे माप आहे. शिष्य पुष्कळ चिमण्यांहून मोलाचे आहेत, एवढे सिद्ध झाले की चिमणी दृष्टीआड होते. टिळकांनी ते वाक्य चिमणीच्या बाजूने ऐकले. ज्या पाखराच्या पडण्याचा तेथे दाखला दिला तेच पाखरू येथे पडता पडता पित्याला हाक मारते, आणि ती माणसांसाठी नव्हे, स्वतःच्या पिलांसाठी. अक्वायनसच्या विवेकहीन प्राण्याला प्रार्थना करता येत नाही. स्तोत्रकर्त्याच्या सिंहाच्या छाव्यांना आणि कावळ्यांच्या पिलांना करता येते. टिळक येथे स्तोत्रकर्त्याच्या पंक्तीस बसतात.

ही पक्षीण म्हणजे पिसे लावलेली मानवी माता आहे, असा आक्षेप घेता येईल, आणि तो खोटा नाही. जगाला रमविण्यात तिचे वय गेले, हा तिचा हिशेब कवीचा आहे. कोणताही पक्षी माणसांना रमविण्यासाठी गात नाही. कृतघ्नतेचा आरोप त्यामुळे थोडा लटका पडतो आणि कवितेचा मधला भाग शब्दबंबाळ होतो. परंतु रक्ताने पिलांचे अंथरूण भिजू नये म्हणून ती घरटे सोडून झाडाखाली येऊन पडते, तेथे कवितेला तोल पुन्हा सापडतो. आतापर्यंत पृथ्वी वृत्तात चाललेली कविता शेवटच्या श्लोकात वसंततिलका घेते. पृथ्वीतील अडखळते, धापा टाकणारे यतिभंग संपतात आणि एक लांब, सपाट शांतता येते. बोलणे थांबलेले आहे. आता केवळ पंख, उदर, चोच, पाय. निवेदक काहीही शिकवीत नाही.

त्या शेवटच्या श्लोकात दोन शब्द असे आहेत की ते ख्रिस्ती कानाला निराळे ऐकू यावेत. पक्षिणीच्या पोटाला कवीने ‘निष्कलंक’ म्हटले आहे; बायबलाच्या मराठीत हे विशेषण अर्पणाच्या कोकराचे आणि त्यावरून ख्रिस्ताचे आहे. आणि तिच्या शवाला त्याने ‘देह’ म्हटले आहे. योहानाच्या शुभवर्तमानाच्या पहिल्या अध्यायात शब्दाने जे रूप धारण केले त्यासाठी मराठी भाषांतरात ह्याच ‘देहा’चा आधार घेतलेला आहे. मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ मांस. आणि त्यामागील हिब्रू शब्दात माणसे, गुरे, पाखरे सर्वांचेच मांस येते, जलप्रलयात बुडाले ते सर्व. देवाने मनुष्यत्व धारण केले, एवढेच म्हटले तर पशू बाहेर राहतात. देवाने मांस धारण केले म्हटले तर राहत नाहीत. नील्स ग्रेगेर्सन ह्या डॅनिश धर्मपंडिताने २००१ पासून ‘सखोल देहधारणे’ची जी मांडणी केली ती ह्याच फरकावर उभी आहे. मराठी भाषांतरकारांना ‘मांस’ म्हणवले नाही, कारण मराठीत मांस हा प्रथम खाद्यपदार्थ आहे. त्यांनी सभ्य असा ‘देह’ घेतला. त्या सभ्यतेने जे गमावले ते टिळकांनी, धर्मशास्त्र बोलत आहोत असा आव न आणता, परत मिळविले: तोच सभ्य शब्द त्यांनी मातीत पडलेल्या पाखराला दिला.

मात्र कविता जेथे थांबते तेथे प्रश्न उरतोच. पित्याच्या हवाली होतात ती पिले. जी मेली तिचे काय, ह्यावर पक्षीण काही मागत नाही आणि कवी काही देत नाही. पुनरुत्थानाची एकही सूचना शेवटच्या श्लोकात नाही. वेस्लीने दिले असते. लुईसला धनी सापडला नसता म्हणून त्याने दिले नसते. टिळकांचे मौन ह्या दोहोंहून अधिक प्रामाणिक आहे, परंतु मराठी ख्रिस्ती धर्मचिंतनाने ते आपला शेवट मानण्याचे कारण नाही. फादर फ्रान्सिस दिब्रिटो ह्यांच्या ‘सुबोध बायबल’ला २०१३ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, आणि मराठी बायबलाची परिभाषा पुन्हा तपासता येते हे त्यानिमित्ताने सर्वांच्या लक्षात आले. त्या तपासणीत ‘आत्मा’ ह्या शब्दाचे काय करावयाचे हा प्रश्न अवघड आहे आणि तो बराच काळ अवघड राहील. ‘वेणा’ मात्र उद्याही घेता येईल. धामापूरच्या गोठ्यात तो शब्द कोणाला समजावून सांगावा लागणार नाही.